लग्नाआधीची डुबकी

मी बेने इस्राएल, म्हणजे इथलीच मराठी ज्यू. हिंगोलीत हे सांगितलं की समोरचा आधी विचारतो "ख्रिश्चन?", मग "मुसलमान?", आणि शेवटी हार मानून चहा मागवतो. बँकेच्या बदलीनं मला इथं आणून टाकलं होतं. माझी घरमालकीण मावशी मात्र पहिल्याच दिवशी म्हणाली, "आमी बौद्ध, तुमी जे असाल ते. नळ आल्यावर भांडायचं न्हाई, बाकी काई बी चालंल."

माझं लग्न ठरलं ठाण्यात, मंगळवारी. साहेबांनी रजा दिली सोमवारपासून. तिथंच आईचा जीव टांगणीला लागला. आमच्यात लग्नाआधी नवरी पाण्यात पूर्ण बुडून निघते. त्याला मिकवे म्हणतात. सोमवारी ठाण्याला पोचून त्या गडबडीत ते जमण्यासारखं नव्हतं. आईच्या स्वतःच्या लग्नात ते राहून गेलेलं, आणि माझ्या आजीनं तिला ते जन्मभर ऐकवलं. "तुझंही राहिलं तर मी कुठल्या तोंडानं मांडवात येऊ?" असं फोनवर म्हणाली आणि रविवारी सकाळी हिंगोलीच्या स्टेशनावर उतरली.

या डुबकीला नळाचं पाणी चालत नाही, टाकीचं तर नाहीच. पावसाचं, नदीचं किंवा झऱ्याचं लागतं. कयाधू नदीत तेव्हा घोटाही बुडत नव्हता. पण डोंगरकडा गावाच्या बाजूला मावशीचं शेत होतं, आणि शेतात झऱ्याची, पायऱ्यांची विहीर. आईनं तिथं उतरू का विचारलं तशी मावशीनं हातातलं काम खाली ठेवलं. ही बाई काम थांबवते म्हणजे मामला गंभीर.

"आमच्या इहिरीचं चालंल व्हय तुमच्या देवाला?" तिनं हळूच विचारलं.

"झरा कुणाच्या शेतात आहे ते देव विचारत नाही," आई म्हणाली. "पाणी आपलं आपण आलेलं पाहिजे, बस."

मावशीची कळी अशी खुलली की विचारू नका. आम्ही दोघी शेतावरच्या खोलीत कपडे लावतोय तोवर तिनं घरच्या हळदीचा वाडगाभर लेप कालवला आणि मला दिसेल तिथं फासला. कान, कोपर, गळा, काही सोडलं नाही. आई मागे वळली आणि किंचाळलीच. डुबकी घेताना अंगावर कणसुद्धा चालत नाही. नखातला मळ नाही, कानातलं नाही, केसात गुंता नाही. मग काय, बादलीभर पाणी, साबण आणि आईचा हात. मी सोललेल्या बटाट्यासारखी दिसायला लागले. रंग तेवढा राहिला, त्याला आईनं माफी दिली.

"आंघोळीच्या आधी आंघोळ?" मावशीला पटेचना. "मंग इहिरीत काहून उतरून राहिल्या?"

"ती अंगासाठी, ही नवरी होण्यासाठी," आई म्हणाली.

मावशीच्या मालकांना रस्त्यावर राखणीला बसवलं. आईच्या गुडघ्यांना त्या उंच पायऱ्या झेपणाऱ्या नव्हत्या, ती काठावर राहिली. मला पोहता येत नाही, हे मी सगळ्यांपासून लपवायचा प्रयत्न केला, पण पहिल्याच पायरीवर मावशीचा हात घट्ट धरला. मावशी कासोटा घालून कमरेएवढ्या पाण्यात उतरली. "मावशींचा हात आधी ओला कर आणि सैल धर," वरून मला आईचा हुकूम आला. "पाणी सगळीकडनं लागलं पाहिजे."

मी डोळे मिटून बुडाले आणि लगेच वर आले.

"केस बुडाले का?" आई ओरडली. पाण्यावर ऊन चमकत होतं, तिला काही दिसत नव्हतं.

मी मावशीकडे गयावया करून पाहिलं. "न्हाई!" ती ठणकावून म्हणाली. "शेंडा तरंगला. पुन्हा!"

अशी घरमालकीण वैऱ्यालाही मिळू नये. पुढच्या वेळी मी दम धरला, खाली बसले आणि तिचा हात सोडूनच दिला. कानात पाणी गेलं, भीतीही कुठंतरी गेली. वर आले, बेराखा म्हणजे डुबकीची प्रार्थना म्हटली, आणखी एकदा बुडाले. मला हसूच यायला लागलं.

आता बघणाऱ्या बाईनं मोठ्यानं सांगायचं असतं की नवरी शुद्ध झाली. आई काठावरून वाकून बघत होती.

"मला दिसलंच नाही," ती म्हणाली. "न बघता कसं म्हणू? मावशी, तुम्ही पाहिलंत. तुम्ही म्हणा."

"म्या?" मावशीनं वर पाहिलं. "ताई, माझ्या आजीला गावच्या इहिरीवर पाय ठेवू देत न्हवते. इटाळ व्हायचा म्हणे. अन शुद्ध झाली म्हणून म्या सांगू?"

"तुम्हीच सांगा," आई म्हणाली. "तुम्ही सांगितल्याशिवाय माझ्या लेकीचं लग्न लागायचं नाही."

मावशीनं ओल्या हातानं तोंड पुसलं. मग रस्त्यावरचे मालक दचकून उठतील एवढ्या मोठ्यानं ती ओरडली, "झाली! पोरगी शुद्ध झाली!"

काठावर आईनं डोक्यावरचा पदर सारखा केला आणि म्हणाली, "आमेन."