भेकरांचं पक्कं टाकं

अंजनेरीच्या डोंगरावर कोणत्या महिन्यात कोणतं जनावर कुठे असेल, हे झुंबर पायथ्याशी बसून सांगायचा. आषाढात पठारावरचा वारा उभं राहू देत नाही, तेव्हा भेकरं पूर्वेच्या कारवीच्या झुडपांत उतरतात. पौषात उन्हाच्या अंगाला येतात. चैत्र लागला की भेकर, साळिंदर, वानर, सगळ्यांचा जीव एका झऱ्यावर. वैशाखात तिथेही नुसता चिखल.

झुंबर जंगलात रोजंदारीवर होता. झऱ्यावर टाकं बांधा म्हणून तो तीन वर्षं वनरक्षक मोतीरामअण्णांच्या मागे लागला. त्र्याऐंशी साली सिमेंट आलं. गोण्या त्याने डोक्यावरून वर नेल्या. बापाने गावात विहीर बांधली होती, तशीच त्याने भिंत उभी केली. ओळंब्यात सरळ, छातीइतकी खोल, घोटून गुळगुळीत.

भाकरी घेऊन आलेली त्याची बायको चांगुणा हसली. "आवं, किती घोटताय? माझ्या घराला कधी एवढा हात लावला नाय!"

वैशाखात पाणी निम्म्यावर आलं. एका सकाळी टाक्यात भेकराची मादी मरून पडलेली. चारी भिंतींवर खुरांचे ओरखडे. माणूस दोर सोडून पाणी ओढतो. भेकर पाण्यात उतरतं, हे जन्मभर पाहूनही बांधताना त्याच्या ध्यानात आलं नव्हतं.

दिवसभर दगड वाहून त्याने आत चढ रचला.

आठवड्याने मोतीरामअण्णा आले. "उद्या मोठे साहेब टाकं बघायला येणारेत. हे धोंडे काढ."

"मग जनावर वर कसं येईल, अण्णा?"

"एका दिवसानं काय होतंय? साहेब खूष झाले तर तुला पक्का करतील. का जल्मभर रोजावरच राहायचं?"

झुंबरने दगड काढले. साहेबांनी भिंतीवरून हात फिरवला, "काम पक्कं आहे," म्हणाले, आणि अर्ज भरायला त्याला जीपमधून नाशिकला नेलं. परतायला दुसरा दिवस उजाडला. घरी न जाता तो तडक वर गेला.

टाक्यात दोन होती. एक अजून दूध पिणारं.

भाद्रपदात नोकरी पक्की झाल्याचा कागद आला. चांगुणाने घरोघर गूळ वाटला. "आज तरी हसा की! बरं सांगा, या महिन्यात भेकरं कुठं राहतात?"

झुंबर नव्या खाकी सदऱ्याची बटणं लावत होता.

"मला काय ठावं?" तो म्हणाला. "मी आता पक्का माणूस हाय."