अजून दोन पावलं

पंधरा वर्षं डोंगर आणि जनावरं चित्रित करून पोट भरलं, पण कॅमेऱ्यात देव कधी सापडला नाही, असं मी ऐटीत सांगायचो. मागच्या वर्षी हिमालयातल्या मोहिमेत ती ऐट उतरली. तासगावचा सुहास माझा जिवलग मित्र, चढाईत एकाच दोराला बांधलेला जोडीदार. चित्रात दोर खटकतो म्हणून मी त्याला तो सोडायला लावला आणि म्हणालो, "अजून दोन पावलं डावीकडं." तिथला बर्फ खालून पोकळ होता, सुहास त्यासकट खाली गेला. लोकांना मी फक्त अपघात झाला म्हणून सांगितलं. माझा आवाज असलेलं कॅमेऱ्याचं कार्ड खिशात घेऊन हिंडत राहिलो. त्याच्या आईसमोर जायची हिंमत झाली नाही.

या उन्हाळ्यात लांडगे कॅमेऱ्यात टिपायला माणच्या माळावर गेलो. झुडपाच्या आडोशाला सकाळपासून एकटाच बसलो होतो. पाणी संपलं तरी उठलो नाही. खरं सांगायचं तर जगायची फारशी फिकीरच उरली नव्हती. दुपारी डोळ्यांपुढे अंधारी आली. शुद्धीवर आलो तेव्हा एक म्हातारा मेंढपाळ ओल्या पटक्यानं माझं तोंड पुसत होता आणि भोवती मेंढरं उभी होती.

"रोज वरच्या वाटनं जात्यात," तो म्हणाला. "आज म्होरली मेंढी खाली वळली. लय हाकलली, ऐकंना. बिरोबालाच ठावं."

त्यानं माझ्या कपाळाला भंडारा लावला. माझ्या शब्दावर सुहासनं वाट सोडली आणि तो मेला. मेंढीनं वाट सोडली आणि मी वाचलो. असं का, ते मला आजही कळलेलं नाही. त्या माळावर मी बिरोबाचं नाव घेऊन पोटभर रडलो.

"घरी कोन हाय का?" म्हाताऱ्यानं विचारलं.

"तासगावला एक आई आहे," माझ्या तोंडून निघून गेलं.

"मग जावा की."

दुसऱ्याच दिवशी गेलो. सुहासची आई शेडवर बेदाणे निवडत होती. मी सगळं सांगितलं, दोराचं आणि खिशातल्या कार्डाचंसुद्धा. तिचे हात थांबले.

"त्यात त्याचा आवाज हाय?"

लॅपटॉप उघडून लावलं. "हितं बरं दिसतंय का, गड्या?" सुहास विचारत होता. मागोमाग माझा आवाज आला. पुढचं तिला दिसू नये म्हणून मी तिथंच थांबवलं. तिनं मला शिव्या दिल्या नाहीत, माफही केलं नाही.

"परत लाव," म्हणाली.

शिक्षा की क्षमा, हे आता मी बिरोबावर सोडलंय. त्यानं मला तिच्या दारापर्यंत आणलं, एवढे उपकार पुरे आहेत. दर महिन्याला तासगावला जातो. ती "लाव" म्हणते, मी लावतो. तिला सुहास ऐकू येतो. त्याच्यामागून येणारा माझा आवाज मी मान खाली घालून ऐकतो.