पंचमीला गेटवर कोण होतं?

नोकरीत हाताखालून किती गुन्हे गेले ते मी कधी मोजलं नाही, आणि त्यातले बहुतेक आता आठवतही नाहीत. कसबा बावड्यातल्या एका बंगल्यातल्या चोरीचा तपास मात्र मनातून जात नाही. श्रावण लागला, बाजारात लाह्यांचे ढीग दिसायला लागले की तो हटकून वर येतो. त्यात खून नव्हता, टोळी नव्हती. वर्तमानपत्रात आतल्या पानावर छोटी बातमी आली आणि विषय संपला. त्यातली माणसं अजून आहेत, म्हणून नाव कुणाचंच घेणार नाही.

मी तेव्हा पोलीस ठाण्याच्या गुन्हे शोध पथकाचा प्रमुख होतो. नागपंचमीचा दिवस होता. मिरवणुका नाहीत, बंदोबस्त नाही, म्हणून वेळेवर घरी जाता येईल असं वाटत होतं, तेवढ्यात ठाणे अंमलदाराने निरोप दिला. बावड्याच्या कडेला उसाच्या रानात नव्याने उठलेल्या वसाहतीतल्या एका बंगल्यात घरफोडी झाली होती. घरमालक व्यापारी. सगळं कुटुंब सकाळीच हातकणंगल्याला साखरपुड्याला गेलं होतं. संध्याकाळी परत आले तर मागचं दार उचकटलेलं, कपाट उघडं आणि दागिने गायब.

आम्ही पंचनामा केला, ठसेतज्ज्ञ आले, श्वान आलं. श्वान कपाटापासून मागच्या दाराने बाहेर पडलं, बंगल्याच्या गेटजवळच्या वॉचमनच्या खुर्चीपाशी घुटमळलं आणि पुढे रस्त्यावर जाऊन थांबलं. ते खुर्चीजवळ घुटमळलेलं वसाहतीतल्या सगळ्यांनी पाहिलं. तिथेच लोकांनी निकाल लावून टाकला.

त्या खुर्चीवर बसणाऱ्या वॉचमनला सगळे आप्पा म्हणत, मीही तेच म्हणतो. पन्नाशी ओलांडलेला, सीमेकडच्या गावचा. घरात कानडी, बाहेर मराठी. एका सिक्युरिटी एजन्सीने त्याला या गेटवर ठेवलं होतं. या एजन्सी मला चांगल्या माहीत होत्या, कारण त्यांच्या माणसांची चारित्र्य पडताळणी आमच्याकडेच यायची. कागदावर प्रशिक्षण झालेलं असायचं. प्रत्यक्षात काल वैरण कापणारा माणूस आज शिट्टी गळ्यात घालून गेटवर उभा असायचा. फौजेतून आलेली तगडी माणसं बँका आणि कारखाने घेऊन जातात. बंगल्यांच्या आणि वसाहतींच्या वाट्याला आप्पासारखे येतात. बारा तासांची ड्युटी, रिलीव्हर आला नाही तर पुढचे बारा तासही त्याचेच, आणि साप्ताहिक सुट्टी विचारायची सोय नाही. गणवेशसुद्धा माणसाला नसतो, गेटला असतो. जो बसेल त्याने तोच शर्ट आणि तीच टोपी घालायची.

आप्पाला मी तिथेच विचारलं, "दिवसभर कुठं होता?"

"हितंच की साहेब. गेटवर."

गेटवर कॅमेरा होता. उंचावर लावलेला, त्यामुळे टोपी, खांदे आणि पुढचा रस्ता दिसायचा. चित्रण पाहिलं. दिवसभर गणवेशातला माणूस खुर्चीत होता. घरमालक म्हणाले, "हा आप्पाच." त्यांची पत्नी म्हणाली, आप्पाच. शेजारी म्हणाले, आप्पाच. दुपारी हेल्मेट घातलेला एक इसम मोटारसायकलवरून आला, पाठीला पिशवी, हातात पाइपाचं भेंडोळं. वॉचमनने उठून गेट उघडलं. बऱ्याच वेळाने तो इसम निघून गेला.

"हा कोण?"

"टाकी धुवायला येतोय त्यो," आप्पा म्हणाला. "वळखीचा हाय."

टाकी धुणाऱ्याला आम्ही उचलून आणलं. तो त्या दिवशी सासुरवाडीला होता आणि तसे साक्षीदार त्याच्याकडे ढिगाने होते. म्हणजे आप्पा खोटं बोलत होता. दागिने नेणाऱ्याला त्याने स्वतःच्या हाताने गेट उघडलं होतं आणि आता त्याला तो वाचवत होता. तपासाच्या भाषेत याला संगनमत म्हणतात. वरिष्ठांचे फोन सुरू झाले होते. एक-दोन दिवसांत अटक दाखवा, असं सांगण्यात आलं.

मी आप्पाला रोज ठाण्यात बोलवत होतो. सराईत गुन्हेगार चौकशीला बसला की पहिल्यांदा खोलीचा अंदाज घेतो, कोण कडक आहे, कोण चहा पाजेल, हे पाहतो. आप्पा नुसता हात जोडून बसायचा. त्याच त्या उत्तराला चिकटून राहायचा, आणि त्याचा आवाज दरवेळी थोडा खाली जायचा. एकदा त्याने विचारलं, "साहेब, अटक केलासा तर पेपरात येतंय का?"

"येतंय. का?"

"पोरगीच्या सासरी पेपर घेत्यात."

 चोरी पचवायला निघालेल्या माणसाची ही काळजी मला पटेना, पण पुराव्यापुढे पटण्या न पटण्याला किंमत नसते.

टीप मिळाली ती चहाच्या गाड्यावरून. वसाहतीच्या तोंडाशी एक मावशी चहा विकायची. आमचा बीटचा हवालदार तिथे चहा प्यायला थांबला, तेव्हा ती त्याला म्हणाली, "त्या गरीब मानसाला कशाला छळायला लागलाय? त्यो त्या दिवशी गेटवर हुता तरी का?" हवालदार तिला घेऊनच आला. मी विचारलं, "मावशी, आधी का नाही सांगितलं?"

"इचारलं कुनी? तुमी समदी आत जाऊन कपाट बघत बसलासा. मी गेटवर च्या द्यायला गेलते. टोपीखाली दुसराच गडी. मी म्हनलं, आप्पा कुठं हाय? तर म्हनला, आज मीच आप्पा."

मी चित्रण पुन्हा लावलं. बसण्याची ढब वेगळी होती, गेट उघडताना डावा हात पुढे येत होता. ज्या बाईला आप्पा इतके दिवस रोज गेट उघडत होता, तिला हे दिसलं नव्हतं. मलाही दिसलं नव्हतं. आम्ही सगळ्यांनी शर्ट पाहिला आणि आप्पा म्हणालो.

हवालदाराने आणखी एक गोष्ट सांगितली. तो स्वतः सीमेकडचा. पंचनाम्याच्या वेळी आप्पाच्या केबिनमध्ये फडक्यात बांधलेले लाडू त्याने पाहिले होते. "साहेब, ते तंबिटाचे लाडू होते, ताजे. पंचमीला आमच्याकडं घरोघर करतात. गेट न सोडणाऱ्याकडं ते आले कुठनं?"

मी आप्पाला बोलावलं. या वेळी खोलीत दुसरं कुणी ठेवलं नाही. चहा मागवला. तो घोट घेईपर्यंत थांबलो आणि सरळ विचारलं, "आप्पा, पंचमीला लेक माहेरी आली होती ना?"

त्याने कप खाली ठेवला. मोठा माणूस रडतो तेव्हा कुठे पाहावं ते कळत नाही. मी खिडकीबाहेर पाहत राहिलो.

"आलती साहेब," तो म्हणाला. "लगीन झाल्यापास्नं दर पंचमीला येती. मी कधीच घरात न्हाय. सुट्टी मागितली की सुपरवायझर म्हनतोय, गेट मोकळं दिसलं तर घरीच जा कायमचा. औंदा तिनं फोनवर लई हट्ट केला. म्हनली, आप्पा, तुमी न्हाई तर मी झोक्याला हातच लावत न्हाय. मग दोस्ताला म्हनलं, एक दिवस बस माझ्या जागंला."

हा दोस्त त्याच एजन्सीचा, मंगळवार पेठेतल्या एका गोदामावर रात्रपाळीला असणारा. ही त्यांच्यातली जुनी चाल. सुट्टी मिळत नाही म्हणून एकमेकांच्या गेटवर बदली बसायचं. शर्ट तोच, टोपी तीच, अदलाबदल केबिनच्या आत. सुपरवायझर मोटारसायकलवरून लांबूनच नजर टाकून जायचा, त्याला गणवेश दिसला की झालं.

"मग भेटली लेक?"

"तिची गाडी उशिरा आली. मला मालक यायच्या आत परत फिरायचं हुतं. एक कप च्या झाला बघा. फडकं हातात दिलं तिनं आनि माझी येस्टी लागली. झोका खेळताना बघायची हुती, त्ये ऱ्हायलं." डोळे पुसून तो पुढे म्हणाला, "पर बघितली की साहेब. वाळलीया जरा."

 माझी थोरली बहीण दर पंचमीला गावी यायची आणि मी कुठल्या ना कुठल्या ड्युटीवर असायचो. ती झाडाला झोका बांधून माझी वाट पाहायची, आणि आई फोनवर तेवढंच सांगायची. खाकी असो की एजन्सीचा निळा शर्ट, घरच्यांना भेटायची भूक एकच असते.

"हे पहिल्या दिवशी का नाही सांगितलं?"

"दोस्ताला दोन ल्हान पोरं हाईत. गेट सोडलं म्हनून माझी भाकरी गेली असती, आनि माझ्यापायी त्याची बी."

दोस्ताला बोलावलं. त्याने काही लपवलं नाही. रात्रपाळी करून तो थेट गेटवर बसला होता, डोळ्यांवर झोप होती. "हेल्मेटवाल्यानं लांबनंच हाक मारली, काय आप्पा, बरं हाय न्हवं? मी मान हलवली. त्या दिवशी आप्पा मीच हुतो की. म्हनला, मालकांनी टाकी धुवायला सांगितलीया. मी गेट उघडलं, आनि सांजच्याला आप्पाला सांगितलं, टाकीवाला येऊन गेला म्हनून."

आप्पाने ते ऐकीव वाक्य आम्हाला डोळ्यांनी पाहिल्यासारखं सांगितलं होतं. गुंता तिथेच झाला होता.

आता धागा हातात आला. चोराला वॉचमनचं नाव ठाऊक होतं, घराचं मागचं दार ठाऊक होतं, पण आप्पाचा चेहरा नीट ठाऊक नव्हता. म्हणजे तो आप्पाच्या रोजच्या पाहण्यातला नव्हता, थोडेच दिवस घरात येऊन गेलेला होता. मी मालकीणबाईंना विचारलं, "अलीकडं घरात काम कुणी केलं?" त्यांनी आठवून सांगितलं, कपाटांना पॉलिश करून घेतलं होतं. साखरपुड्याचं बोलणंही त्याच दिवसांत घरात चालू होतं. पॉलिशवाल्याच्या हाताखालचा एक कारागीर पंचमीनंतर कामावर आलाच नव्हता. आम्ही त्याला त्याच्या पाहुण्यांच्या घरून ताब्यात घेतलं. दोस्ताने त्याला आवाजावरून ओळखलं. दोन पंचांसमक्ष तिथल्याच जळणाच्या ढिगाखालून मुद्देमाल काढला. गुन्हा उघडकीस आला, वरिष्ठांनी पाठ थोपटली.

घरमालक पेढे घेऊन आले. मी त्यांना आप्पाचं विचारलं. ते ओशाळले. "माणूस चांगला आहे हो, पण गेट सोडलं ना त्यानं." मग मी एजन्सीच्या मालकाला बोलावलं आणि दोघांना ठेवून घ्या म्हणून सांगितलं. तो अदबीने म्हणाला, "साहेब, तुमचा शब्द मोडवत नाही, पण कमीत कमी दरात आम्ही काम घेतो. त्यात रिलीव्हर बसत नाही. आज ह्यांना माफ केलं तर उद्या निम्मी गेटं बदलीवर चालतील." दोघांनाही कमी केलं. काही दिवसांनी मी बावड्याच्या त्या रस्त्याने गेलो तर त्याच शर्टात तिसराच एक माणूस बसला होता. मुलं त्याला आप्पाच म्हणत होती.

निवृत्त झाल्यावर मलाही एका एजन्सीने सल्लागार म्हणून बोलावलं होतं. मी गेलो नाही. आता मला रोजच सुट्टी असते. बहीण थकली, तिला प्रवास झेपत नाही, त्यामुळे पंचमीला गावी जाऊन करायचं काय, हा प्रश्न पडतो.

गेल्या पंचमीला एका मित्राकडे निघालो होतो. त्याच्या अपार्टमेंटच्या गेटवर वॉचमनने कडक सॅल्यूट ठोकला. टोपीखाली आप्पा होता. केस पार पांढरे झालेले. एजन्सी दुसरी, शर्ट दुसरा. त्याने सांगितलं, बायको गेली, गावाकडच्या घराला कुलूप आहे, आणि तो आता इथल्या केबिनमध्येच राहतो.

"आणि पंचमी?"

"पोरगीच येती की हिकडं," तो म्हणाला आणि केबिनकडे पाहिलं.

खाट आणि मीटरच्या पेट्या यांच्यामधल्या जागेत एक बाई चटईवर डबे मांडून बसली होती. दिंडं होती, तूप होतं, तंबिटाचे लाडू होते. आप्पा ताटावर बसला. पहिला घास घेतला तोच बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. तो उठला, गेट उघडलं, सॅल्यूट केला, हात धुऊन परत बसला. पुन्हा हॉर्न, पुन्हा उठला. लेक त्याच्या ताटावर पदर धरून वाट पाहत होती, तिच्या चेहऱ्यावर कंटाळा नव्हता.  इतकी वर्षं तपास करून माणसं ओळखायला शिकलो म्हणत होतो, पण एवढ्याशा जेवणासाठी माणूस किती तिष्ठत राहतो हे मला या दोघांनी दाखवलं.

मी निघतो म्हणालो. आप्पा काही बोलायच्या आत तीच उठली, खाटेवरचं पांघरूण झटकून मला जागा करून दिली.

"बसा की साहेब," ती म्हणाली. "ह्ये माझं माहेर हाय. हितनं कोन न जेवता जात न्हाय."