सामियाचा सिनेमा, ग्योतोकुत

मंजुषा पेंडसे टोकियोजवळच्या ग्योतोकुच्या महिला केंद्रात आठवड्यातून तीन दिवस आरुबाइतो, म्हणजे अर्धवेळ काम करायची. खुर्च्या मांडायच्या, चहा द्यायचा, एवढंच काम. नवरा नीलकंठ टोकियोत सॉफ्टवेअरमध्ये. लग्नाआधी ती सहा वर्षं कुवेतच्या इस्पितळात नर्स होती. युद्ध पेटलं तेव्हा अंगावरच्या कपड्यांनिशी परतली. सोबत आली ती फक्त अरबी भाषा, आणि तिचा जपानात काय उपयोग!

सत्त्याण्णवच्या नोव्हेंबरात जॉर्डनची एक दिग्दर्शिका केंद्रात आली. नाव सामिया, पन्नाशीला टेकलेली. तिचा सिनेमा एका शिंपिणीचा. नवऱ्यापासून सुटका आणि मुलीचा ताबा मागायला कोर्टात उभी राहिलेली बाई. खेळ दुपारी होता. सकाळी रिकाम्या सभागृहात तो एकदा चालवून पाहिला, तेव्हा मंजुषा ट्रे घेऊन दारातच थबकली. पडद्यावरची शिंपीण काझीला ठणकावत होती, "हक्की! माझा हक्क!" अगदी आपलाच शब्द! आणि खाली जपानी अक्षरं म्हणत होती, "माफ करा, कृपा करा."

 चहा देणारीने चूक काढायची? तीही केंद्राच्या मोरिता-सानसमोर, ज्यांनी वर्षभर खपून हा कार्यक्रम जमवला? पण शिंपीण पुन्हा कडाडली, खाली पुन्हा माफीच उमटली, तेव्हा मंजुषाला राहवेना. तिने सामियाजवळ जाऊन अरबीत सगळं सांगून टाकलं.

सामियाने डोकंच धरलं. "तरीच! ओसाकातल्या खेळानंतर सगळ्या मला विचारत होत्या, तुमची नायिका इतकी गयावया का करते? मला वाटलं, सिनेमाच फसला. चार वर्षं कोर्टात बसून बायकांचं बोलणं टिपलंय गं मी!"

मंजुषाने तेच मोरिता-सानना जपानीत सांगितलं. फिल्मवरची अक्षरं काही पुसता येणार नव्हती. मग त्यांनी पेन्सिल उचलली. "पेंडसे-सान, तुम्ही अर्थ सांगा, मी लिहिते. माइकवरून वाचायचं मात्र तुम्हीच."

"माझं जपानी ऐकून लोक हसतील."

"हसू देत."

चुकीच्या अकरा जागा निघाल्या. दुपारी पहिलं वाक्य वाचताना मंजुषाचा आवाज चिरकला. कुणी हसलं नाही. पाचव्या वाक्यापर्यंत शिंपिणीचा ताठा तिच्याही आवाजात उतरला होता.

दिवे लागले. तिसऱ्या रांगेतल्या एक आजी उभ्या राहिल्या. "ही गोष्ट खरीखुरी असेल, तर मुलगी शेवटी कुणाकडे राहिली?"

मंजुषाने प्रश्न अरबीत सांगितला. "आईकडे," सामिया म्हणाली. "आता कॉलेजात जाते."

ते जपानीत ऐकताच सभागृहभर सुटकेचा सुस्कारा पसरला. सामियाने मंजुषाचा हात घट्ट दाबला. "सुटले बाई! आज पहिल्यांदा कुणी माझ्या शिंपिणीची कीव केली नाही."

संध्याकाळी स्टेशनजवळच्या फोनवरून मंजुषाने घरी फोन लावला. "नीलकंठ, आम्ही तिघी जेवायला चाललोय. तुझ्यापुरता कुकर लाव. आणि ऐक, मोरिता-साननी मला दुभाषीचं काम दिलंय, सोमवारपासून केंद्रातला चहा दुसरं कुणीतरी करणार आहे."