तटस्थ साडू

आमच्या साडूंना जगातली कुठलीही गोष्ट पटवून देता येत नाही, मग ती त्यांनी स्वतःच सांगितलेली का असेना. सकाळी ते म्हणतात, आज ऊन फार आहे. आपण मान डोलावली की लगेच विचारतात, "कशावरून?" आपला शर्ट घामानं पाठीला चिकटलेला असतो, त्यांचाही चिकटलेला असतो, पण दोन शर्टांवरून निष्कर्ष काढणं त्यांना मंजूर नसतं. साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. दोन साडूंमध्ये थोडी खुन्नस असतेच, कारण सासुरवाडीत दोघांना एकाच पंगतीत बसवतात आणि मग बायका दारामागून तुलना करतात. तुलनेत मी नेहमी मागं पडलो. ते जालन्याच्या एका कॉलेजात प्राध्यापक, आणि माझं हसनाबादेत बी-बियाणं आणि खताचं दुकान. तरी एक सांगतो, सासुरवाडीत मला लोक आनंदानं बोलावतात. साडूंना बोलवावं लागतं.

ते समाजशास्त्र शिकवायचे, आता रिटायर झाले. खास विषय म्हणजे सामाजिक संशोधनाच्या पद्धती आणि त्या पद्धतींच्या खालचं तत्त्वज्ञान. माझा पुस्तकांशी संबंध बियाण्याच्या पिशवीवर छापलेल्या मजकुरापुरता, पण इतकी वर्षं ऐकून जे कळलं ते असं : समाजाचं संशोधन कसं करावं हा एक विषय, आणि ते मुळात करता येतं का, हा त्याच्या पोटातला विषय. साडूंनी अख्खी नोकरी पोटातल्या विषयावर काढली. त्यात म्हणे दोन पंथ आहेत. एक म्हणतो, पाऊस मोजतो तशी माणसं लांब उभं राहून मोजा. दुसरा म्हणतो, माणूस काय पाऊस आहे का, त्याच्या मनात शिरून बघा, तो जे करतो त्याचा त्याला काय अर्थ लागतो ते विचारा. साडू सकाळी पहिल्या पंथात असतात, जेवण झालं की दुसऱ्या पंथात जातात आणि दुपारची झोप झाल्यावर दोन्ही पंथ कसे चुकले ते चहाबरोबर सांगतात. माझ्या मेहुणीला, म्हणजे आक्काला, हे सगळं पाठ आहे. एकदा तिनं हौसेनं भरलं वांगं केलं आणि विचारलं, कसं झालंय? साडू म्हणाले, "कशाच्या तुलनेत?" आक्का म्हणाली, "शेजारणीच्या. जा, तिच्याकडं जेवून या." आणि तिनं ताट उचललं. त्या दिवशी साडूंनी कोपऱ्यावरच्या दुकानातली केळी खाल्ली आणि प्रश्नाची मांडणी चुकली होती यावर ठाम राहिले.

घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तर त्यांची दहशतच आहे. कुणी फुलाच्या चित्रावर 'सुप्रभात' पाठवलं की खाली साडूंचा प्रश्न येतो, "कोणाच्या दृष्टीनं?" माझ्या धाकट्या मेव्हण्यानं मेथीचं पाणी प्यायल्यानं गुडघे बरे होतात असं पाठवलं, तर यांनी त्याला, ते न पिताही बरे झालेले गुडघे शोधायला सांगितलं. तो बिचारा ग्रुप सोडून गेला. मग त्याला परत घेण्यासाठी बायकांना मध्यस्थी करावी लागली.

माझं मात्र त्यांनी रोकडं नुकसान केलंय. पेरणीच्या तोंडावर ते एकदा हसनाबादला आल्ते आणि हौसेनं माझ्या दुकानात स्टुलावर बसले. एक शेतकरी आला, सोयाबीनच्या पिशवीवर हात ठेवून म्हणाला, "हे उगवंल ना बराबर?" मी म्हणालो, "एक नंबर. मागल्या साली सगळ्या गावाचं उगवलं." तोवर स्टुलावरून आवाज आला, "मागच्या साली उगवलं एवढंच म्हणता येतं. त्यावरून या साली उगवेल असं सिद्ध होत न्हाई." शेतकऱ्यानं माझ्याकडं पाहिलं, साडूंकडं पाहिलं, पिशवीवरचा हात काढला आणि समोरच्या दुकानात गेला. मी कपाळावर हात मारला. साडू मला समजावायला लागले की हा प्रश्न फार जुना आहे, मोठमोठ्या तत्त्ववेत्त्यांनाही सुटला नाही. मी म्हणालो, त्या तत्त्ववेत्त्यांचं बियाण्याचं दुकान नव्हतं, साडूभाऊ. तेव्हापासून पेरणीच्या दिवसांत त्यांना मी खताच्या गोण्यांमागं बसवतो आणि समोर भजी ठेवतो.

पण माणूस शिकवायचा झकास, हे कबूल केलं पाहिजे. त्यांचे विद्यार्थी एकदा अंतरवालीकडं पाहणीला गेल्ते, हातात फाइली, पायात बूट. घरोघर विचारलं, जमीन किती? झाडून सगळं गाव भूमिहीन निघालं. ज्यांच्या दारात ट्रॅक्टर उभा होता तेसुद्धा भूमिहीन. पोरं वैतागून परत आली आणि म्हणाली, सर, गाव खोटारडं आहे. साडूंना इतका आनंद झाला की त्यांनी पोरांना स्वतःच्या खर्चानं चहा पाजला. म्हणाले, "कोण म्हणतं खोटारडं? तुमच्या फाइली बघून त्यांना वाटलं, सरकारी योजना आली. त्यांनी योजनेला उत्तर दिलं, तुम्हाला न्हाई. उत्तर काय आलं ते नंतर बघा, ते कुणाला दिलं ते आधी बघा." मला हे ऐकून हसू आलं, पण रात्री गल्ला मोजताना आठवलं की उधारी वसूल करायला गेलं की आपलं गिऱ्हाईकही असंच भूमिहीन होतं.

तर अशा माणसावर माझ्या मुलीच्या लग्नाची चौकशी येऊन पडली. पडली म्हणजे काय, त्यांनीच ओढून घेतली. मुक्ता माझी एकुलती एक. अकरावीपासून शिक्षणासाठी ती जालन्याला आक्काकडं राहिली, थेट बी.एड. होईपर्यंत. आक्का-साडूंना मूलबाळ नाही. सुट्टीत मुक्ता घरी यायची तेव्हा दोन दिवसांत तिला जालना आठवायचं, आणि मला ते आवडायचं नाही, पण बोलणार कुणाला. तिला पिंपळगाव रेणुकाईचं स्थळ आलं. मुलगा जालन्याच्या एमआयडीसीत इंजिनिअर, घरी शेती. पाहण्याचा कार्यक्रम झाला, दोघं अंगणात थोडा वेळ बोलले आणि मुक्तानं आक्काच्या कानात सांगितलं, मावशी, मला हाच पाहिजे. ही पोर आयुष्यात कधी कशासाठी हटून बसली नव्हती. त्यामुळं हे लग्न व्हायलाच पाहिजे असं आम्ही सगळ्यांनी मनात धरलं. राहिली फक्त चौकशी.

आता चौकशी म्हणजे आपल्याकडं काय असतं ते सगळ्यांना माहीत आहे. मुलाच्या गावात जायचं, हॉटेलवर चहा घ्यायचा, अमक्याचं घर कसं म्हणून विचारायचं. हॉटेलवाला म्हणतो, घर चांगलं हाय, बिलकुल शंका नको. कुणाच्या लग्नात बिब्बा घालायचा नाही, हे प्रत्येक गावाला कळतं. आपण समाधानानं परत यायचं. साडूंना ही रीत मंजूर नव्हती. म्हणाले, "थेट विचारलं की उत्तर बिघडतं. मी विचारणारच न्हाई. मी फक्त निरीक्षण करणार."

आणि खरंच ते पिंपळगावात जाऊन मुलाच्या घरासमोरच्या हॉटेलात दिवसभर बसले. मुलाच्या घराबद्दल चकार शब्द काढला नाही. सोयाबीनचा भाव, एसटीची वेळ, देवीची यात्रा, असल्या गप्पा. डोळे मात्र समोरच्या दारावर. गावानं आधी त्यांना जमीन घ्यायला आलेला पुणेवाला समजलं, मग बँकेचा वसुलीवाला, आणि त्या भीतीनं बाजूचे दोन बाक रिकामे झाले. जेवणाच्या वेळेला मुलाचे चुलते, मिशीवाले, गावात वजन असलेले गृहस्थ, रस्ता ओलांडून सरळ त्यांच्याजवळ आले आणि म्हणाले, "चला पाव्हणे, ताट वाढलंय. पोरीवाले ना तुम्ही?" साडूंचा चेहरा उतरला. कसं ओळखलं, म्हणून विचारलं. चुलते म्हणाले, "सकाळपासून आमच्या घराकडं पाहून राह्यले, अन् आमच्याबद्दल एक सबद विचारला न्हाई. असं फक्त पोरीवालेच करतात." साडू जेवले. तिकडून थेट आमच्याकडं आले आणि खुर्चीत बसून विषण्णपणे म्हणाले, "निरीक्षण वाया गेलं. तेच माझं निरीक्षण करून राह्यल्ते."

बायकोनं विचारलं, "दाजी, ते जाऊ द्या. मुलगा चांगला आहे ना?" साडू म्हणाले, "वाईट असल्याचा पुरावा सापडला न्हाई." बायको म्हणाली, म्हणजे चांगला आहे? "असं मी म्हटलं न्हाई. चांगलं असं कधीच सिद्ध होत न्हाई. वाईट ठरत न्हाई तोवर धरून चालायचं, एवढंच शास्त्र सांगतं." बायको पदर तोंडाला लावून आत गेली. मी साडूंना हात जोडले. म्हणालो, हे तुमचं शास्त्र सुपारी फुटेपर्यंत जालन्याला ठेवून या. त्यांनी मान डोलावली. पण त्यांच्या मान डोलावण्याला किती अर्थ असतो, हे मी विसरलो होतो.

सुपारीला पिंपळगावहून जीपभर माणसं आली. पोहे झाले, चहा आला. मिशीवाल्या चुलत्यांना चारचौघांत आपल्या पुतण्याचं कौतुक ऐकायची हौस आली. म्हणाले, "सर, तुम्ही तर दिवसभर आमच्या गावात बसून गेल्ते. सांगा मंग सगळ्यांना, कसं वाटलं आमचं पोरगं?" मी साडूंच्या पायावर पाय ठेवला. चांगला दाबला. ते खाकरले आणि शांतपणे म्हणाले, "अजून तरी वाईट ठरलेलं न्हाई."

चुलत्यांनी आपला कप खाली ठेवला. "अजून तरी?" त्यांनी विचारलं. मग खांद्यावरचा रुमाल झटकला आणि आपल्या माणसांकडं पाहिलं. दोघं-तिघं उठायच्या तयारीला लागले. माझं धाबं दणाणलं. आतल्या दाराच्या फटीत मुक्ता उभी होती, तिचा चेहरा मला दिसत होता, आणि तो मी जन्मात विसरणार नाही. चुलते म्हणाले, "बरं. मंग तुमच्या पोरीचंबी सांगा की, सर. तुमच्याच घरी वाढली म्हणं. तीबी अजून तरी वाईट न्हाई, असंच का?"

साडूंनी मान खाली घातली. मी त्यांना असं कधी पाहिलं नव्हतं. मग म्हणाले, "तिच्याबद्दल मला विचारू नका. मी त्या कामाला लायक न्हाई."

"का? काही लपवायचं हाय?"

"न्हाई हो. साक्ष देणारा माणूस तटस्थ लागतो. ती बाहेर गेली की परत येऊन गेट वाजवत न्हाई, तोवर मला पुस्तकातली एक ओळ कळत न्हाई. तिला ताप आल्ता तेव्हा मी डॉक्टरशी भांडलो, अन् चूक माझीच होती. तिचे परीक्षेचे पेपर मी तपासले असते तर सगळे शंभर दिले असते. असल्या माणसाचं म्हणणं कुठल्याच शास्त्रात धरत न्हाईत. तुमच्या पोराबद्दल मी नीट बोलू शकतो, तो मला परका हाय. हिच्याबद्दल मला..." चष्मा काढून त्यांनी तो पुसला, तोही पाव्हण्यांसाठी टाकलेल्या नव्या चादरीच्या टोकाला.

चुलत्यांनी झटकलेला रुमाल परत खांद्यावर टाकला. मिशी हलली. मग म्हणाले, "आमच्या पोराबद्दल असं बोलणारा माणूस तुम्हाला दिवसभरात सापडला न्हाई व्हय? समोरच तर राहतो मी. मला विचारायचं होतं. मी बी असाच रडलो असतो." आणि माझ्याकडं वळून जरा दरडावूनच म्हणाले, "बघता काय, जल्दी सुपारी आणा." आत बायका हसल्या की रडल्या ते कळलं नाही. मी सुपारी आणायला गेलो तर ती देवघरात कुठं ठेवली तेच मला आठवेना.

लग्न थाटात झालं. दिवाळीला मुक्ता पहिल्यांदा आली ती आधी जालन्याला उतरणार होती. मला धीर निघेना, म्हणून मीही जालन्याला गेलो आणि तिला स्टँडवरून घेऊन आलो. आक्कानं दारातच भाकरतुकडा ओवाळला. साडू मागं उभे होते. त्यांनी विचारलं, "काय गं, सासर कसं आहे?" मुक्ता वाकून चपला काढत होती. म्हणाली, "चांगलं आहे, काका." मी मनात म्हटलं, आता बसा संध्याकाळपर्यंत. चांगलं म्हणजे काय, कुणासाठी, कशावरून, सगळं निघणार. साडू म्हणाले, "बरं." आणि गच्चीवर निघून गेले.

दुपारी मी वर गेलो. ते कठड्याला टेकून उभे होते. मी चिडवायला म्हणालो, "काय साडूभाऊ, एकाच प्रश्नात संशोधन आटोपलं? तिनं सांगितलं अन् तुम्हाला पटलं?" ते हसले, पण नेहमीसारखे नाही. खाली स्वयंपाकघरात मुक्ता आक्काला काहीतरी सांगत होती, आवाज वर येत होता, शब्द मात्र कळत नव्हते. आम्ही दोघंही नकळत कान देऊन उभे राहिलो. मग साडू हळू आवाजात म्हणाले, "पटलं की न्हाई ते माहीत न्हाई. दुसऱ्यांदा विचारायची हिंमत झाली न्हाई."

स्टँडवरून येताना रिक्षात मीही तिला एकदाच विचारलं होतं.