आरमाराचा साहेब आणि माझा नवरा

लग्न करून अमेरिकेतल्या ट्रॉय गावी आले त्याच थंडीत मी बर्फावरून घसरायला शिकले. खरी घसरले एकदाच. बाकी वेळा नवऱ्याने मारलेलं असायचं, आणि चार लोकांत सांगायला बर्फ बरा पडायचा. उन्हाळ्यात पंचाईत व्हायची. मग दोष तळघराच्या पायऱ्यांवर ढकलायचे.

नवरा कारच्या कंपनीत इंजिनिअर. बाहेर इतका गोड की विचारू नका. कुणाची गाडी बंद पडली की हा बॅटरीची केबल घेऊन हजर, मराठी मंडळाच्या कार्यक्रमात खुर्च्या मांडायला हाच पहिला. सगळ्या काकू मला म्हणायच्या, "नशीब काढलंस गं पोरी!" हे नशीब घरी आलं की आधी कोट नीट हँगरला लावायचं, मग बेल्ट काढायचं. वरण अळणी झालं, फोनवर जास्त बोलले, काहीही पुरायचं. एकदा माझं डोकं फ्रिजच्या दारावर आपटलं आणि वर मलाच म्हणाला, "दाराला पोचा पडला असता म्हणजे?" मेल्याला काळजी दाराची!

शेजारी इतिहासाचे एक रिटायर्ड प्रोफेसर राहायचे. त्यांचे हात कापायचे, म्हणून त्यांचं पुस्तक मी टाइप करून द्यायचे. नवऱ्याची हरकत नव्हती. शेजाऱ्यांत त्याचंच नाव होत होतं ना!

पुस्तक होतं कित्येक शतकांपूर्वीच्या एका इंग्रज दरबाऱ्यावर. नाचात पटाईत, बोलण्यात साखर. राजाला इतका आवडला की त्याने अख्ख्या आरमाराचा कारभार ह्याच्या हाती दिला. जहाजाला दोर कुठला, पिंपात मांस कसलं, खलाशी कुठून आणायचे, सगळं साहेब ठरवणार. खलाशी आणायचे म्हणजे काय, तर गुत्त्यात शिरून डोक्यात काठ्या घालायच्या आणि उचलून जहाजात टाकायचे. मांसात किडे निघाले म्हणून एकाने तोंड उघडलं, तर साहेबांनी त्याला डोलकाठीला बांधून पाठीची सालटी निघेपर्यंत चाबकाने फोडला. स्वतः समोर उभे राहून बघितलं. संध्याकाळी राजवाड्यात जाऊन नाचले. सगळा दरबार म्हणे, काय सालस माणूस!

ते पान टाइप करता करता मी थांबले आणि पुन्हा पहिल्यापासून वाचलं. ह्या माणसाला मी ओळखत होते. मी त्याच्यासाठी रोज पोळ्या लाटत होते.

"शेवटी काय झालं ह्याचं?" मी प्रोफेसरांना विचारलं.

"काही नाही. म्हातारा होऊन अंथरुणात मेला. संगमरवरी थडगं आहे. वर हात जोडलेला पुतळा."

"दरबारात कुणालाच माहीत नव्हतं?"

"सगळ्यांना माहीत होतं. पण अशा माणसाबद्दल वाईट बोलणं बरं दिसलं नसतं." असं म्हणताना त्यांनी माझ्या सुजलेल्या मनगटाकडे पाहिलं आणि पटकन खिडकीकडे बघायला लागले.

म्हणजे हेही दरबारीच! असा संताप आला म्हणून सांगू. मी एक दिवस पायऱ्यांवरून "पडून" मरणार, आणि माझ्या शोकसभेत खुर्च्याही नवराच मांडणार, हे मला लख्ख दिसलं.

त्याच आठवड्यात संक्रांतीचं हळदीकुंकू आलं. मंडळातल्या सगळ्यात थोरल्या काकूंच्या तळघरात आम्ही बायका, वर पुरुष मॅच बघताहेत. काळ्या साडीखाली पाठ ठणकत होती. नाव घ्यायची वेळ झाली. "लाजू नकोस, घे घे!" सगळ्या मागेच लागल्या. म्हटलं, घेतेच.

"दाराबाहेर बर्फ, पाठीवर बेल्टचे वळ,
चार माणसांत देवमाणूस, घरी दाखवतो बळ."

कुणीच हसलं नाही. कुणीतरी सवयीने म्हणालं, "अगं, नाव राहिलं."

"नाव तुम्हाला माहीत आहे," मी म्हणाले आणि पाठीवरचा पदर बाजूला केला.

काकूंनी मान खाली घातली. "मला वाटतच होतं गं," त्या पुटपुटल्या.

माझा तोल सुटला. "वाटत होतं? मग उठा ना काकू! मी मेल्यावर उठणार का?"

आवाज ऐकून नवरा खाली आला. चेहऱ्यावर तेच गोड हसू. "हिला बरं नाहीये जरा," असं म्हणत त्याने माझा दंड असा पिळला की मी ओरडले. पहिल्यांदाच सगळ्यांसमोर.

काकू उठल्या. "हात सोड तिचा."

"काकू, हा आमच्या घरातला मामला आहे."

काकूंनी हळदीकुंकवाचं पितळी तबक दोन्ही हातांनी उचललं आणि कड खाली करून त्याच्या मनगटावर हाणलं. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. त्याच्या पांढऱ्या शर्टावर कुंकूच कुंकू झालं. तो गुडघ्यांवर बसून विव्हळत होता, आणि मला, खोटं कशाला बोलू, फार बरं वाटलं.

त्या घरी मी परत गेले नाही, काकूंकडेच राहिले. काका त्याच्याच ऑफिसात होते. सोमवारी ते घरी आले, बूट काढता काढता म्हणाले, "प्लास्टर घालून आलाय. सगळ्यांना सांगतोय, बर्फावरून घसरलो."