पाठमोरे मामा

आमच्या हौशी नाटकमंडळीचे दिग्दर्शक, सगळ्यांचेच मामा, नाटकाकडे पाठ करून नाटक बसवायचे. नागपुरात इतवारीतल्या एका शाळेचा हॉल आम्हाला संध्याकाळी तालमीसाठी मिळे. तिथे भिंतीकडे तोंड करून ते खुर्चीत बसत आणि आम्ही त्यांच्या पाठीशी बोलत असू. नवा माणूस आधी चक्रावायचा, मग दुखावला जायचा. "तुमची थोबाडं तं रोजच पायतो गा," मामा म्हणत, "वाक्य खोटं पडलं तं ते कानालेच समजते."

आणि समजायचंच. मी खापरखेड्याच्या वीज केंद्रातली ड्यूटी आटोपून, पोटात कावळे ओरडत असताना तालमीला पोचायचो. एकदा मुलाच्या मरणाची बातमी कळलेल्या बापाचं काम करताना मी डोळ्यांत खरंखुरं पाणी आणलं. मला वाटलं, मैदान मारलं. मामा भिंतीकडे बघतच म्हणाले, "पोरगं तुयं मेलं, अन् तू लोकायले आयकवून राहिला? काहून बे? परत घे." मनातल्या मनात शिव्या घालत मी परत घेतलं. त्या शिव्यांसकट माझा त्या माणसावर फार जीव होता.

साठीच्या तोंडावर त्यांना मुंबईहून बोलावणं आलं. त्यांचाच एक जुना चेला मालिका काढत होता आणि दिग्दर्शनाला त्याला मामाच हवे होते. "जनमभर हौशी म्हणून राबलो," मामा म्हणाले, "एकदा तं पोटासाठी करून पायतो." जाताना त्यांनी एका नव्या नाटकाची संहिता आमच्या हाती ठेवली. "पाठ करून ठेवा. मालिका संपली की येतो, मीच बसवतो." आम्ही पाठ केलं. दुसरा दिग्दर्शक शोधायचा विषयसुद्धा कोणी काढला नाही.

मालिका काही संपेना. मध्ये त्यांनी एक सिनेमाही केला. तो आला कधी आणि गेला कधी, हे कळलं नाही. मी एकदा मुंबईला गेलो तेव्हा त्यांच्या सेटवर डोकावलो. नट एका खोलीत, मामा दुसऱ्या खोलीत पडद्यासमोर, कानाला हेडफोन. संवादाचे कागद तिथल्या तिथे लिहून येत होते. एका बाईचं वाक्य सपशेल खोटं पडलं. मी दचकून मामांकडे पाहिलं. ते म्हणाले, "ओके, पुढचा." मग माझं तोंड बघून हळूच म्हणाले, "चालून जाते गा. मागून म्युझिक लागते." त्यांचे डोळे तांबारलेले होते. जेवताना त्यांनी सगळ्यांची नावं घेऊन चौकशी केली, नाटकाची मात्र केली नाही.

गेल्या उन्हाळ्यात भाचीच्या लग्नासाठी ते नागपूरला आले आणि आमच्या आग्रहाखातर हॉलवरही आले. त्यांनी खुर्ची आमच्याकडे तोंड करून ठेवली. आम्ही पहिला अंक करून दाखवला. सुलभा आमची सगळ्यांत जुनी नटी. तिचं शेवटचं वाक्य चांगलंच घसरलं. तिला कळलं, आम्हाला कळलं. आता बोलणी बसणार म्हणून आम्ही जवळजवळ आनंदाने वाट बघत राहिलो.

"बढिया," मामा म्हणाले.

सुलभा खाली उतरून त्यांच्यासमोर उभी राहिली. "मामा, खोटं पडलं ना ते वाक्य? मंग रागवा ना."

"पडलं का? मले नाही समजलं वं," ते म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "तूच बसव हे नाटक आता. माही वाट नका पाहू."

मला त्यांचा राग आला नाही. नुसता थकवा आला, दोन पाळ्या लागोपाठ केल्यावर येतो तसा.

नाटक मी बसवलं. प्रयोगही झाला. लोक म्हणतात, चांगला झाला. खरंच झाला का, हे ज्याला विचारावं असं नागपुरात आता कोणी नाही आणि मुंबईतही नाही.